आठवड्याची उजळणी

गणिताचा विषय निघाला की आपल्यातले पुष्कळजण म्हणतात, "ते शाळेतच राहिले." परंतु गणिताची गरज काही शाळेत राहिली नाही, ती आपल्यामागून बाजारात आणि कारखान्यात आली. पाचवी ते आठवीत आपण अपूर्णांक, शेकडेवारी, गुणोत्तर आणि त्रैराशिक शिकतो. प्रपंचाला याहून अधिक गणित क्वचितच लागते. तेवढे मात्र हाताशी असावे लागते.

युनियनच्या कामातले एक उदाहरण घेऊ. १९७२ च्या कायद्याने कामगाराला ग्रॅच्युइटीचा हक्क मिळाला: नोकरीच्या दर वर्षाला पंधरा दिवसांचा पगार. महिन्याचा पगार असलेल्या माणसाचा एका दिवसाचा पगार काढताना, शेवटचा मूळ पगार अधिक महागाई भत्ता या बेरजेला ३० ने नव्हे, २६ ने भागायचे. कारण तीस दिवसांतून चार साप्ताहिक सुट्या वजा जाता कामाचे दिवस सव्वीसच उरतात. समजा, ही बेरीज १८,२०० रुपये आणि नोकरी २० वर्षे. २६ ने भागले की दिवसाचे ७०० रुपये, पंधरा दिवसांचे १०,५००, वीस वर्षांचे २,१०,०००. तोच भागाकार ३० ने केला तर हाती येतात १,८२,०००. एका छेदापायी २८,००० रुपये गेले! अपूर्णांकाचा हा धडा सहीपूर्वी आठवला तर उपयोग.

कर्जाचेही तसेच. बारा हजार रुपये एका वर्षासाठी, शेकडा बारा दराने, व्याज मूळ रकमेवर, म्हणजे १,४४० रुपये. फेड बारा सारख्या हप्त्यांत. पण मुद्दल दरमहा हजाराने कमी होते. पहिल्या महिन्यात बाकी १२,०००, शेवटच्या महिन्यात १,०००. सरासरी बाकी निघते ६,५००. तिच्यावर १,४४० म्हणजे शेकडा सुमारे २२. सांगितलेला दर बारा, पडलेला बावीस!

हे एकदा ऐकून लक्षात राहात नाही, यात आपला दोष नाही. हेर्मान एबिंगहाउस या जर्मन संशोधकाने स्वतःच्या स्मरणशक्तीवर प्रयोग करून १८८५ साली दाखविले की शिकलेले आरंभी झपाट्याने विसरते, पुढे सावकाश. आणि एकाच दिवशी केलेल्या घोकंपट्टीपेक्षा दिवसांच्या अंतराने केलेली उजळणी अधिक टिकते. आपल्या जुन्या शाळांतून पावकी, निमकी, पाऊणकी रोज म्हणवून घेत, त्यातही हेच शहाणपण होते.

म्हणून रविवारी अर्धा तास काढावा. गणिते पाचच: दोन नवी, दोन गेल्या आठवड्याची, एक महिन्यापूर्वीचे. आधी उत्तराचा अंदाज बांधावा, मग पेन्सिल उचलावी, शेवटी ताळा पाहावा. चुकलेले गणित पुढच्या रविवारी पुन्हा घ्यावे. घरातल्या मुलामुलींना शेजारी बसवावे. रीत तोंडाने समजावून सांगता आली, म्हणजे ती आपल्याला आली.

मी स्वतः शाळेत फार बसलेलो नाही. येते ते गणित असेच आठवड्या-आठवड्याने जमवले आहे. त्याला वेगळे पुस्तक विकत घ्यावे लागत नाही. येत्या रविवारी मुलाचे सातवीचे पुस्तक आणि आपले पगारपत्रक शेजारी शेजारी ठेवा, आणि पहिला भागाकार स्वतः करा.