हाडावर जन्मतारीख लिहिलेली नसते

स्मरणिकेच्या संपादकांनी व्यवसायातील अनुभवावर काही लिहा, असे सुचविले तेव्हा मला एका दाखल्याची आठवण झाली. तो मीच दिलेला होता आणि तो चुकीचा होता.

गोष्ट सुमारे तीस वर्षांपूर्वीची. इंदूर परिसरातील एका सरकारी रुग्णालयात मी क्ष-किरण विभागात होतो. एके दुपारी पोलीस एका मुलीला वयनिश्चितीसाठी घेऊन आले. मुलगी आपल्याच मराठी समाजातील, मुलगा परजातीचा. दोघांनी देवळात लग्न केले होते आणि मुलीच्या वडिलांनी अपहरणाची फिर्याद दिली होती. वडील माझ्या परिचयाचे. गणेशोत्सवात आम्ही एका पंक्तीला जेवलेलो. मला बाजूला घेऊन ते म्हणाले, "डॉक्टर, आपले म्हणून सांगतो, सतरा लिहा. घराची अब्रू तुमच्या हाती आहे." मी काहीच बोललो नाही. रेडियसचे मनगटाकडील टोक जुळलेले होते, इलियाक क्रेस्टची जोडणी मात्र अपुरी होती. 'सतरा ते एकोणीस' असे लिहिणे योग्य ठरले असते. मी लिहिले, 'अंदाजे सतरा वर्षे'.

या एका आकड्यावर इतके काय अवलंबून असते? भारतीय दंड संहितेनुसार १८ वर्षांखालील मुलीस पालकांच्या ताब्यातून त्यांच्या संमतीवाचून नेणे म्हणजे अपहरण. मुलीची स्वतःची संमती तेथे गौण. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेतही कलम १३७ व ८७ अन्वये हेच गुन्हे आहेत. त्यात २०१२ च्या पॉक्सो कायद्याची भर पडली. मुलगी १८ वर्षांखालील ठरली, तर शरीरसंबंधास तिने दिलेली संमती कायदा मानत नाही आणि २०१९ च्या दुरुस्तीनंतर अशा गुन्ह्यास किमान १० वर्षांची शिक्षा आहे. लग्नास विरोध असलेल्या कुटुंबाची पहिली धाव म्हणूनच मुलीच्या वयाकडे असते.

मुलगी सज्ञान असेल तर चित्र पालटते. लता सिंह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये सांगितले की सज्ञान व्यक्ती आपल्या पसंतीने विवाह करू शकते. तिच्या सासरच्या मंडळींवर भावांच्या तक्रारीवरून चाललेला खटलाही रद्द केला. त्याही पूर्वी, १९६४ मध्ये वरदराजन खटल्यात, सज्ञान होण्याच्या उंबरठ्यावरील समंजस मुलगी आपण होऊन निघून आली, तर तिला नुसते सोबत येऊ देणे म्हणजे 'नेणे' नव्हे, असा भेद न्यायालयाने केला होता.

आता आपल्या शास्त्राची मर्यादा पाहू. अस्थींची टोके जुळण्याचा काळ आनुवंशिकता, पोषण, आजार व अंतःस्रावी ग्रंथींचे कार्य यांनुसार पुढेमागे होतो. १९८२ मध्ये जया माला प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने क्ष-किरणांवरून काढलेल्या वयात दोन्ही बाजूंस दोन वर्षांची तफावत संभवते, हे नमूद केले. म्हणजे माझ्या 'सतरा'चा अर्थ पंधरा ते एकोणीस यांपैकी काहीही होऊ शकत होता! यासाठीच २०१५ च्या बालन्याय कायद्याच्या कलम ९४ ने क्रम ठरविला आहे : प्रथम शाळेचा जन्मतारखेचा दाखला अथवा मॅट्रिकचे प्रमाणपत्र, ते नसल्यास नगरपालिकेचा किंवा पंचायतीचा जन्मदाखला आणि यांपैकी काहीच नसेल तरच अस्थिपरीक्षा. २०२३ मध्ये पी. युवप्रकाश खटल्यात शाळा सोडल्याचा दाखला या क्रमात बसत नाही म्हणून तो अमान्य झाला आणि आरोपीची शिक्षा रद्द झाली.

माझ्या त्या खटल्यात मुलगा अकरा आठवडे तुरुंगात होता. पुढे त्याच्या वकिलांनी नगरपालिकेच्या जन्मनोंदीचा उतारा आणला. पळून गेली त्या दिवशी मुलीचे वय अठरा वर्षे चार महिने होते. उलटतपासणीत त्यांनी क्ष-किरणाची फिल्म माझ्या हाती देऊन विचारले, "डॉक्टरसाहेब, यावर जन्मतारीख कोठे लिहिली आहे?" मला उत्तर देता आले नाही. मुलगा निर्दोष सुटला. मी मात्र त्या मुलीला रुग्णालयात एक शब्दही विचारला नव्हता, हे मला त्या दिवशी प्रथम उमगले.

म्हणून तरुण व्यवसायबंधूंस चार गोष्टी सांगाव्याशा वाटतात. वयाचा एकच आकडा न लिहिता मर्यादा लिहा आणि कोणत्या सांध्यावरून ती काढली तेही नोंदवा. जन्मनोंद पाहिली आहे काय, असे पोलिसांना लेखी विचारा. तपासणीपूर्वी मुलीची संमती घ्या. तिने नकार दिला तर तो तसाच नोंदवा. तथाकथित दोन बोटांची चाचणी कदापि करू नका. २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती करणारा गैरवर्तनाचा दोषी ठरेल, असे बजावले आहे.

आपल्या गावांत सगळेच परिचयाचे असतात. फिर्यादी बाप उद्या मंडळात भेटणार असतो. त्याचे दुःख खरे असते, त्याला अवश्य धीर द्यावा. परंतु दाखल्यावर लिहावयाचे ते जेवढे हाडांनी सांगितले तेवढेच.