व्हाउचर आधी, खुलासा नंतर

वॉटरगेटवरच्या पुस्तकांनी माझ्या कपाटाचा एक अख्खा खण अडवला आहे. घरच्या मंडळींना त्याचे कोडे आहे. माणूस आपला नाही, देश आपला नाही, राजीनामा दिला त्यालाही पन्नास वर्षे उलटून गेली. मग एवढी पुस्तके कशाला, असा सवाल दर दिवाळीच्या साफसफाईत उठतो. सवाल रास्त आहे. माझे उत्तर एवढेच, की एकाच प्रकरणाबद्दल इतक्या जणांनी, इतक्या बाजूंनी, आणि त्यातल्या निम्म्याअधिक जणांनी तुरुंगाची हवा खाऊन आल्यावर लिहिले आहे, असा दुसरा खण मला ठाऊक नाही. माझी हयात बँकेत हिशेब तपासण्यात गेली आणि उरलेला वेळ कादंबऱ्या लिहिण्यात. इथे हिशेब आणि गोष्ट दोन्ही एका जागी सापडतात.

तरुण वाचकांसाठी थोडक्यात सांगतो. १७ जून १९७२ च्या पहाटे वॉशिंग्टनमधील ‘वॉटरगेट’ या इमारतींच्या संकुलात, डेमोक्रॅटिक पक्षाच्या मुख्य कचेरीत शिरलेली पाच माणसे पकडली गेली. त्यांच्यापाशी कॅमेरे होते, चोरून ऐकण्याची यंत्रे होती आणि ओळीने क्रमांक असलेल्या शंभर-शंभर डॉलरच्या नोटा होत्या. राष्ट्राध्यक्ष रिचर्ड निक्सन यांच्या प्रवक्त्याने ही एक क्षुल्लक घरफोडी असल्याचे सांगून विषय उडवून लावला. लोकांनाही ते पटले असावे. नोव्हेंबरच्या निवडणुकीत निक्सन यांनी ५० पैकी ४९ राज्ये जिंकली. आणि तरीही ९ ऑगस्ट १९७४ रोजी त्यांना पायउतार व्हावे लागले.

या दोन तारखांच्या मध्ये काय घडले हे सांगणारे सर्वांत गाजलेले पुस्तक म्हणजे बॉब वुडवर्ड आणि कार्ल बर्नस्टीन या वार्ताहरांचे ‘ऑल द प्रेसिडेंट्स मेन’. ते १९७४ च्या जूनमध्ये, निक्सन पदावर असतानाच निघाले. त्यात रात्री-अपरात्री तळघरातल्या वाहनतळावर भेटणारा एक गूढ खबऱ्या आहे. वाचक त्याच्याच प्रेमात पडतात. (२००५ मध्ये उघड झाले, की तो एफबीआयचा तेव्हाचा दुसऱ्या क्रमांकाचा अधिकारी मार्क फेल्ट होता.) माझे मन मात्र दर वेळी अडकते ते एका चेकवर.

चेक २५ हजार डॉलरचा. आपल्याकडच्या पे-ऑर्डरसारखा, बँकेने स्वतःवरच काढलेला. फ्लोरिडातल्या एका बँकेने तो केनेथ डालबर्ग या गृहस्थांच्या नावे दिला होता. हे डालबर्ग निक्सन यांच्या निवडणुकीसाठी देणग्या गोळा करीत. चेक जमा झाला तो मात्र मायामीत, बर्नार्ड बार्कर याच्या खात्यात. आणि बार्कर हा त्या रात्री पकडलेल्या पाचांपैकी एक! त्याच खात्यात मेक्सिको सिटीमार्गे फिरवून आणलेले आणखी ८९ हजार डॉलरही आले होते. वुडवर्डने डालबर्गना सरळ फोन लावला. त्यांनी आपण पैसे निवडणूक समितीकडे सोपवल्याचे सांगितले. १ ऑगस्ट १९७२ रोजी ‘वॉशिंग्टन पोस्ट’मध्ये ती बातमी छापून आली. घरफोडे आणि निवडणुकीचा फंड यांना जोडणारा धागा जगापुढे आला, तो असा.

बँकेत आम्हा लोकांना पहिला धडा मिळतो तो असा : आधी व्हाउचर बघा, खुलासा मागाहून ऐका. माणूस खुलासा कसाही करतो, पण चेकच्या पाठीमागची सही आपल्या जागेवरून हलत नाही.

गंमत पुढेच आहे. निक्सन यांनी १९७१ च्या फेब्रुवारीत आपल्या कचेरीत आपोआप चालणारी ध्वनिमुद्रण यंत्रे बसवून घेतली होती. घरफोडीनंतर सहाव्या दिवशी, २३ जून १९७२ ला, त्यांचे चीफ ऑफ स्टाफ हाल्डमन त्यांना सांगतात, की एफबीआयला पैशाचा माग लागतो आहे आणि तो बँकेकडून लागतो आहे. हा डालबर्ग कोण बुवा, असे निक्सन विचारतात. मग राष्ट्रीय सुरक्षेचे निमित्त पुढे करून सीआयएकरवी एफबीआयला थोपवायचे ठरते. ही फीत द्यावी लागू नये म्हणून निक्सन सर्वोच्च न्यायालयापर्यंत भांडले. २४ जुलै १९७४ ला न्यायालयाने आठ विरुद्ध शून्य मतांनी निकाल दिला. ५ ऑगस्टला फितीचा मजकूर जाहीर झाला आणि चौथ्या दिवशी निक्सन गेले. प्रकरणाची पहिली मोठी बातमी त्या चेकची होती, आणि शेवटचा घावही त्याच चेकबद्दलच्या बोलण्याने घातला.

आता खणातल्या उरलेल्या पुस्तकांकडे वळू. जेब मॅग्रुडर, चार्ल्स कोल्सन, जॉन डीन, हाल्डमन, गॉर्डन लिडी, अर्लिकमन : सगळ्यांनी शिक्षा भोगल्या आणि सगळ्यांनी पुस्तके लिहिली. कोल्सन तुरुंगाच्या उंबरठ्यावर धर्माकडे वळला. त्याच्या आत्मकथनाचे नावच ‘बॉर्न अगेन’. लिडीने तोंड न उघडल्याचाच अभिमान मिरवला. अर्लिकमन तर कादंबऱ्याही लिहू लागला. प्रत्येक पुस्तक स्वतंत्र वाचले, की जमाखर्च जुळलेला दिसतो. दोन पुस्तके शेजारी ठेवली, की ताळेबंद फसतो. एकाच्या पुस्तकात जो बोजा खर्ची पडला आहे, तो दुसऱ्याच्या खात्यात कुठेच जमा नाही. खुद्द निक्सन यांचे १९७८ चे हजारावर पानांचे आत्मचरित्रही याला अपवाद नाही.

मग ही माणसे खोटे लिहितात काय? इथे बँकवाला थांबतो आणि माझ्यातला कादंबरीकार बोलू लागतो. जॉन डीन याने १९७३ च्या जूनमध्ये सिनेटच्या समितीपुढे २४५ पानांचे निवेदन वाचून दाखवले. संभाषणे त्याला इतक्या बारकाव्यांनिशी आठवत होती, की लोक थक्क झाले. पुढे फिती उघड झाल्या आणि उल्रिक नायसर या मानसशास्त्रज्ञाने १९८१ मध्ये त्याची साक्ष व फितींचा मजकूर ताडून पाहिला. शब्द जवळपास कुठेच जुळत नव्हते. डीनने स्वतःला प्रसंगाच्या मध्यभागी आणून बसवले होते. पण लपवाछपवी चालली होती आणि राष्ट्राध्यक्षांना ती ठाऊक होती, हा गाभा अगदी खरा होता. लबाडी न करताही आठवण स्वतःच्या बाजूला झुकते. म्हणून तर व्हाउचर लागते.

या फितींचा आपल्याशीही संबंध आहे. १९७१ च्या डिसेंबरात खिडक्यांना काळे कागद लावून बसलेल्या आमच्या पिढीला ‘सातवे आरमार’ हे शब्द आजही आठवतात. गॅरी बास यांचे २०१३ चे ‘द ब्लड टेलिग्राम’ हे पुस्तक त्याच काळातल्या फितींवर उभे आहे. ढाक्यातील अमेरिकी वाणिज्यदूत आर्चर ब्लड यांनी ६ एप्रिल १९७१ रोजी, पूर्व पाकिस्तानातल्या कत्तलीबद्दल आपले सरकार गप्प बसल्याचा निषेध करणारी तार धाडली. तिच्यावर २० अमेरिकी अधिकाऱ्यांच्या सह्या होत्या. ब्लड यांची बदली झाली. निक्सन आणि किसिंजर त्या महिन्यांत भारताबद्दल आणि इंदिरा गांधींबद्दल ज्या भाषेत बोलत, ती घरातल्या सर्वांनी वाचायच्या या पानावर छापण्याजोगी नाही. निक्सन यांचे पाप वॉटरगेटपुरतेच होते असे ज्यांना वाटते, त्यांनी हे पुस्तक जरूर वाचावे.

आणि आता ज्यांनी पुस्तके लिहिली नाहीत त्यांच्याविषयी. निवडणूक समितीच्या कचेरीतली एक हिशेबनीस बाई वुडवर्ड-बर्नस्टीन यांच्या पुस्तकात भेटते. घाबरलेली, दाराबाहेर पुन्हा पुन्हा बघणारी. पण कोणाला किती रोकड गेली हे अखेर सांगणारी. वरिष्ठांच्या हाताखाली वह्या लिहिणाऱ्या माणसाला असे बोलणे किती जड जाते, हे ज्याने नोकरी केली आहे त्यालाच कळेल. नोकरी, घर, मुले सारे डोळ्यांपुढे येते. सिनेटर आणि न्यायमूर्तींचे धैर्य आपण वाखाणतो. पण त्यांच्यापर्यंत कागद पोचतो तो अशाच कोणाच्या तरी टेबलावरून.

दुसरा फ्रँक विल्स. त्या रात्रीचा रखवालदार, वय २४. जिन्याच्या दाराची कडी बसू नये म्हणून लावलेली चिकटपट्टी त्याला दिसली. कामगार विसरले असतील म्हणून त्याने ती काढून टाकली. पुढच्या फेरीत पाहतो तो पट्टी पुन्हा जागेवर! त्याने पोलिसांना फोन केला आणि आपल्या वहीत तशी नोंद केली. तो फोन झाला नसता, तर वरच्यांपैकी एकही पुस्तक लिहिले गेले नसते. १९७६ च्या चित्रपटात त्याने स्वतःचीच छोटी भूमिका केली. पण पुढची बरीच वर्षे हलाखीत गेली आणि २००० मध्ये, वयाच्या ५२ व्या वर्षी तो वारला. ज्यांनी गुन्हे केले त्यांच्या पुस्तकांच्या आवृत्त्या निघाल्या. विल्सच्या नावावर त्या पाळीच्या वहीतली ती नोंद आहे. अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागाराने ती जपून ठेवली आहे.