खुराकाची वही

पहाटे साडेचारला कोल्हापुरातल्या त्या तालमीत शिरलो, तेव्हा पोरांचे जोर चालू होते. तांबड्या मातीत ताक, तेल, हळद मुरलेली. पहिले चार दिवस मी फक्त डाव टिपले. ढाक, घिस्सा, कलाजंग, सगळं देखणं. पण रात्री चित्रण पाहताना जाणवायचं, यातून कुस्तीपलीकडचं काहीच कळत नाही.

पाचव्या दिवशी एका मल्लानं आपली वही दाखवली. दूध, तूप, बदाम, थंडाईची खसखस आणि पुढं उधारीचे आकडे. ऊस गेला की देतो, असं बापानं दूधवाल्याला सांगून ठेवलेलं. कारखान्याचं बिल आलं तर पोराचा खुराक, आणि त्याच कारखान्याकडून पैलवानांना मिळणाऱ्या मानधनाकडंही पोराचे डोळे. कॅमेरा हौद्यावरून वहीकडं वळवला, आणि माहितीपट तिथं सुरू झाला.

पैलवान खाशाबा जाधवांनी १९५२ साली हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये कांस्यपदक मिळवलं. त्यांना तिथं पाठवता यावं म्हणून राजाराम कॉलेजच्या प्राचार्य खर्डेकरांनी सात हजार रुपयांना राहतं घर गहाण टाकलं होतं. पदकाइतकंच ते गहाणखतही कुस्तीच्या इतिहासाचा भाग आहे.

माहितीपटकार स्टीव्ह जेम्स शिकागोतल्या दोन बास्केटबॉलपटू मुलांवर अर्ध्या तासाचा लघुपट करायला निघाले होते. त्याला पाच वर्षं लागली, अडीचशे तासांचं चित्रण झालं आणि १९९४ साली जवळपास तीन तासांचा ‘हूप ड्रीम्स’ पडद्यावर आला. त्यातल्या सामन्यांपेक्षा मला आठवतं ते बिल थकल्यानं वीज तोडलेलं घर. सामना संपल्यावरही कॅमेरा मुलांबरोबर घरी गेला, म्हणून ते दिसलं.

शाहू महाराजांनी उभारलेलं खासबाग मैदान १९१२ साली पुरं झालं. तो राजाश्रय होता. आता जत्रेतल्या मैदानाच्या फलकावर पैलवानांपेक्षा पुढाऱ्यांचे फोटो मोठे असतात. मोठी जोड पुढाऱ्याच्या हस्ते लागते, इनाम देतानाही तोच मधोमध. ज्याच्या ठेक्यावर सगळं मैदान तापतं, तो हलगीवाला त्या फोटोत नसतो. हलगी कोणत्या वस्तीतून येते, हे गावात सगळ्यांना ठाऊक असतं, बोलत कुणी नाही. अशाच एका मैदानात मी दुसरा कॅमेरा दिवसभर त्याच्यावरच ठेवला.

माझ्या मल्लानं त्या दिवशी कुस्ती मारली. इनामाचे पैसे संध्याकाळीच दूधवाल्याकडं गेले. वहीत बाकी अजून आहे.