दुर्गाडीखालची खाडी

श्रोतेहो, नवरात्रात दुर्गाडीवर देवीच्या दर्शनाला जाता ना? दर्शन झालं की दोन क्षण थांबा आणि खाली खाडीकडे पाहा. शिवछत्रपतींच्या आरमाराची सुरुवात याच पाण्यावर झाली.

इ.स. १६५७ मध्ये महाराजांनी कल्याण-भिवंडी आदिलशाहीकडून घेतली. तोवर राज्य डोंगरातलं, लढाई घाटातली. दबा कुठे धरावा, हे मावळ्याला कोणी शिकवायला नको. पण कल्याण हाती आलं आणि राज्याला समुद्राचं दार लागलं. वसईला फिरंगी, जंजिऱ्याला सिद्दी, आणि आपल्याकडे लढाऊ जहाज नाही! दाराला कडीच नसेल तर भिंती कितीही भक्कम असोत, काय उपयोग? शत्रू त्या वाटेने येण्याआधी महाराजांनी ही उणीव ओळखली. युद्धनीती म्हणतात ती हीच.

इथे जहाजं बांधायला घेतली. कामावर जाणते पोर्तुगीज कारागीर होते. वसईच्या फिरंग्यांना सुगावा लागला, त्यांनी आपली माणसं माघारी वळवली. काम थांबलं का? नाही! कोळी, भंडारी आरमारात उभे राहिले आणि १६६४ मध्ये मालवणला सिंधुदुर्गाचा पाया पडला.

मंडळी, या देहदुर्गाचंही असंच आहे. षड्रिपू समोरच्या वेशीतून येत नाहीत. जी बाजू आपण मोकळी सोडली, तिथूनच शिरतात. आणि तिथला पहारा भाड्याने मिळत नाही. नाम आपल्याच मुखी हवं.