नेमणूक रद्द झाली, आता पुढे काय?

आमची एक जुनी विद्यार्थिनी कागदांची पिशवी घेऊन शाळेत आली. माहेर महाडचे, सासर पोलादपूरकडच्या एका वाडीत. शौहर आखातात, पदरी दोन लेकरे. अंगणवाडी सेविका म्हणून तिची नेमणूक झाली, दोन महिने कामही केले. मग ‘ही स्थानिक रहिवासी नाही’ अशी तक्रार गेली आणि नेमणूक रद्द झाली. कारण एवढेच की रेशनकार्डावरचे नाव अजून माहेरीच होते. “मॅडम, मला कुणी काही विचारलंच नाही,” ती म्हणाली.

तिचे हे एक वाक्य कायद्याच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचे आहे.

2 ऑक्टोबर 1975 रोजी सुरू झालेल्या एकात्मिक बालविकास योजनेतून अंगणवाड्या चालतात. सेविका पोषण आहार देते, वजन घेते, लसीकरणाला मदत करते, मुलांना शाळेसाठी तयार करते. तरीही तिचे पद मानधनाचे आहे. 2006 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अमीरबी खटल्यात स्पष्ट केले की हे शासकीय नागरी पद नाही. म्हणून प्रशासकीय न्यायाधिकरणाचे दार तिला बंद आहे. पण 2022 मध्ये याच न्यायालयाने सेविका व मदतनीस यांना ग्रॅच्युइटीचा हक्क दिला.

मग दाद कुठे मागायची? आधी वरिष्ठ अधिकाऱ्यांकडे लेखी अर्ज. जिल्हा परिषद अलिबागला आहे. तिथे न्याय मिळाला नाही तर राज्यघटनेच्या कलम 226 खाली उच्च न्यायालय. कशेडी घाटापलीकडच्या खेडच्या बाईला आता कोल्हापूरचे सर्किट बेंच आहे. रायगडच्या बाईला मात्र मुंबईच गाठावी लागते.

न्यायालय गुणपत्रिका घेऊन नव्याने निवड करीत बसत नाही. ते पाहते की नियम पाळले का, कारण दिले का, तिचे म्हणणे ऐकले का. ज्या बाईची निवड आपण रद्द करायला सांगतो, तिलाही बोलण्याची संधी मिळते. हाच न्याय आपल्यालाही लागू आहे. आपलीच मुलगी खोट्या दाखल्यावर निवडली गेली असेल, तर तिची बाजू घेऊ नये.

2023 च्या शासन निर्णयानुसार सेविकेसाठी बारावी उत्तीर्ण आणि स्थानिक रहिवासी असणे आवश्यक आहे. निम्म्याहून अधिक मुलांची भाषा मराठीखेरीज दुसरी असेल, तर सेविका व मदतनीस यांपैकी एकीला ती यावी, असेही त्यात आहे. उर्दू आणि मराठी दोन्ही येणाऱ्या आपल्या मुलींनी हे ध्यानात ठेवावे.

आता घरातल्या वडीलधाऱ्यांना विनंती. निकाह झाल्यावर रेशनकार्ड, मतदार यादी आणि आधारवरचा पत्ता लवकर बदलून घ्या. अर्जाची पोच, गुणवत्ता यादी, नेमणुकीचा आदेश, हजेरी, सगळ्याच्या प्रती ठेवा. व्यवहार लिहून ठेवण्याची ताकीद सूरह बकरामध्ये आहेच. रद्द झाल्याचा आदेश लेखी मागा आणि वेळ दवडू नका. उशीर झाला की चांगली बाजूही लंगडी पडते.

वकिलाचा खर्च झेपत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. 1987 च्या कायद्याने स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत कायदेशीर मदत मिळते. 15100 हा दूरध्वनी क्रमांक त्यासाठीच आहे.

आमच्या विद्यार्थिनीचा अर्ज अलिबागला गेला आहे. निकाल काय लागेल, अल्लाह जाणे. पण या खेपेला तिला विचारावे लागेल, आणि उत्तर द्यायला तिच्याकडे कागद आहेत.