शाळेचे लॉगिन आणि परवलीचा शब्द

शाळेचे जनरल रजिस्टर मुख्याध्यापक कुलपात ठेवतात. त्यातील नाव किंवा जन्मतारीख कोणी परस्पर बदलू नये, हे शिक्षकांस नव्याने सांगावयास नको. परंतु आज मुलांची तीच माहिती यूडायस प्लस व सरल यांसारख्या संकेतस्थळांवरही भरावी लागते, आणि तेथे कुलपाचे काम लॉगिन करते. कपाटाची किल्ली जिवापाड जपणारी शाळादेखील पासवर्ड मात्र कार्यालयाच्या भिंतीवर लिहून ठेवते. हा विरोध दूर व्हावयाचा तर या व्यवस्थेचे मर्म समजून घेणे अगत्याचे आहे.

संकेतस्थळ प्रत्येक येणाऱ्यास तीन गोष्टी विचारते. पहिली, तुम्ही कोण? याचे उत्तर नोंदणीच्या वेळी एकदा ठरते. शाळेची ओळख म्हणजे तिचा अकरा अंकी यूडायस क्रमांक. त्यातील पहिले २ अंक राज्याचे (महाराष्ट्राचे २७), पुढील २ जिल्ह्याचे, २ तालुक्याचे, ३ गावाचे आणि शेवटचे २ शाळेचे होत. हा क्रमांक गुप्त नाही. शाळेच्या नावाप्रमाणे तो सर्वांस ठाऊक असावयास हरकत नाही. दुसरी गोष्ट, तुम्ही तेच कशावरून? गडाच्या दरवाजावर पहारेकरी परवलीचा शब्द विचारीत असे, तसाच हा पासवर्ड. तिसरी, तुम्हांस काय करण्याचा अधिकार आहे? माहिती भरणारा, ती पडताळणारा आणि तिला मान्यता देणारा यांचे अधिकार वेगवेगळे असतात. म्हणून आपले लॉगिन दुसऱ्याच्या हाती देणे म्हणजे कोऱ्या कागदावर सही करून देणे होय. नोंद कोणीही केली तरी ती खातेदाराच्याच नावावर पडते.

संकेतस्थळ आपला पासवर्ड स्वतःजवळ कसा ठेवते, हेही जाणण्याजोगे आहे. अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स तंत्रशिक्षण संस्थेच्या एका संगणकात सर्वांचे पासवर्ड एकाच यादीत जसेच्या तसे साठविलेले होते. १९६२ साली ॲलन शेर या संशोधकाने, संगणकावर अधिक वेळ मिळावा म्हणून, ती यादीच छापून घेतली! आता नीट बांधलेले संकेतस्थळ पासवर्ड ठेवीतच नाही. त्याचे गणिती दळण तेवढे ठेवते. पिठापासून पुन्हा ज्वारीचे दाणे करता येत नाहीत, तसा त्या दळणावरून मूळ शब्द उलट काढता येत नाही. आपण पासवर्ड लिहिला की त्याचे पुन्हा दळण होते आणि जुन्याशी ताडून पाहिले जाते. दोघांचा पासवर्ड एकच असला तरी दळण निराळे यावे म्हणून प्रत्येक खात्यागणिक वेगळी चिमूट मिसळतात; तिला त्या शास्त्रात मीठ असेच नाव आहे. याच कारणाने विसरलेला पासवर्ड कोणी परत सांगू शकत नाही. नवाच करावा लागतो. आणि जो फोनवरून पासवर्ड किंवा ओटीपी विचारतो, त्याच्यावर विश्वास ठेवू नये.

नवा पासवर्ड करण्यासाठी ओटीपी नोंदविलेल्या मोबाइलवर येतो. येथेच पुष्कळ शाळांची अडचण होते. मुख्याध्यापकांची बदली होते, पदभाराच्या यादीत टेबल-खुर्च्या मोजल्या जातात, पण मोबाइल क्रमांक जुनाच राहतो. दिवाळीनंतर ऊसतोडीस गेलेल्या कुटुंबातील मूल कारखान्याजवळच्या शाळेत दाखल होऊ इच्छिते. जुन्या शाळेने आपल्या खात्यातून नाव मोकळे केल्याखेरीज नव्या शाळेस ते आपल्या पटावर घेता येत नाही. खातेच उघडत नसेल, तर मूल वर्गात बसूनही पटाबाहेर राहते. चूक लॉगिनची, आणि भुर्दंड मात्र मुलाला, असा हा प्रकार आहे.

म्हणून पुढील गोष्टी कटाक्षाने पाळाव्यात. पदभार देता-घेता मोबाइल क्रमांक व पासवर्ड त्याच दिवशी बदलावा आणि तशी नोंद हस्तांतरणाच्या यादीत करावी. पासवर्ड लांब असावा. परस्परांशी संबंध नसलेले चार-पाच शब्द जोडले तर तो ध्यानात राहतो आणि ओळखावयास कठीण जातो. शाळेचे नाव, गावाचे नाव किंवा यूडायस क्रमांक त्यात घालू नये. एकच पासवर्ड अनेक ठिकाणी वापरू नये. दर महिन्यास तो उगाच बदलण्याची आवश्यकता नाही. अमेरिकेच्या मानक संस्थेनेही २०१७ साली असाच सल्ला दिला. मात्र तो दुसऱ्यास कळल्याची शंका येताच बदलावा. तालुक्याच्या गावी दुकानातील संगणकावर काम करावे लागले, तर स्वतः समोर बसावे, पासवर्ड जतन करण्याचा पर्याय नाकारावा आणि लॉगआउट करूनच उठावे.

जनरल रजिस्टरातील एका ओळीवर मुलाचा दाखला, शिष्यवृत्ती आणि पुढील शिक्षण अवलंबून असते. ती ओळ आता पडद्यावर आली आहे, एवढाच काय तो फरक. तिची राखण करण्याचे शिक्षकाचे कर्तव्य पूर्वीइतकेच कायम आहे.