पाणी ओसरल्यावरचं दुकान : गैरसमज आणि वस्तुस्थिती

२२ जुलै २०२१ रोजी वाशिष्ठी आणि शिव नद्यांचं पाणी चिपळूणच्या बाजारपेठेत शिरलं. त्याच पावसात सावित्रीने महाड बुडवलं. त्याआधी ऑगस्ट २०१९ मध्ये सांगली-कोल्हापूरच्या पेठा कृष्णा-पंचगंगेच्या पाण्याखाली होत्या. अशा प्रत्येक पुरानंतर एका गाळ्यातून दुसऱ्या गाळ्यात सल्ले फिरू लागतात. त्यातले काही अनुभवाचे आणि खरे असतात. गाळ ओला असतानाच फावड्याने ओढून काढावा, एकदा वाळला की तो फरशीला धरून बसतो, हे चिपळूणच्या दुकानदाराला वेगळं सांगावं लागत नाही. पण काही सल्ले पुरातून वाचलेला मालही घालवतात. पहिल्या दोन-तीन दिवसांत कोणतं काम आधी आणि कोणतं नंतर केलं, यावर पुढचा बराच हिशोब अवलंबून असतो.

गैरसमज : बाजाराची लाइन बंद आहे, आता आत जायला हरकत नाही.

वस्तुस्थिती : बाहेरून वीज बंद असली तरी दुकानातला इन्व्हर्टर किंवा छतावरचं सोलर आतल्या वायरिंगला वीज देत राहू शकतं. पोटमाळ्यावर ठेवलेल्या इन्व्हर्टरला पाणी लागलेलंच नसतं, त्यामुळे हा धोका अधिक. मेन स्विच आणि इन्व्हर्टर दोन्ही वायरमनकडून तोडून घ्या, मगच चिखलात पाय घाला. पाण्याखाली गेलेले एमसीबी, स्विच आणि सॉकेट वाळवून परत वापरायचे नसतात, बदलायचे असतात. फ्रीज किंवा बिलिंगचा कॉम्प्युटर ‘चालतो का बघू’ म्हणून सुरू करणं हाच त्यांचा शेवट ठरू शकतो. भाड्याचा जनरेटर आणलात तर तो गाळ्याबाहेर, उघड्यावर ठेवा. अर्ध्या शटरमागे चाललेल्या जनरेटरचा कार्बन मोनॉक्साइड वासावरून कळत नाही आणि जीव घेतो.

गमबूट आणि रबरी हातमोजे हवेतच. पुराच्या पाण्यात उंदरांचं मूत्र मिसळलेलं असतं आणि पायावरच्या साध्या चिरेतूनही लेप्टोस्पायरोसिस होतो. चिखलात काम केल्यावर ताप आला तर अंगावर काढू नका. डॉक्टरांकडे जा आणि पुराच्या पाण्यात होतो, हे त्यांना आवर्जून सांगा.

गैरसमज : विमा कंपनीचा सर्व्हेअर येईपर्यंत कशालाही हात लावायचा नाही.

वस्तुस्थिती : पॉलिसीतली अपेक्षा बरोबर उलटी असते. नुकसान वाढू नये म्हणून रास्त ते सगळं करणं ही विमाधारकाचीच जबाबदारी असते. ओला माल चार दिवस तसाच ठेवला आणि त्याला बुरशी धरली, तर त्या वाढीव नुकसानीवर प्रश्न उभा राहू शकतो. पहिल्याच दिवशी विमा कंपनीला लेखी कळवा. भिंतीवरची पाण्याची रेघ, प्रत्येक रॅक आणि मालावरचे बॅच नंबर यांचे फोटो आणि व्हिडिओ काढा. मग मालाचे तीन ढीग करा : चांगला, कमी भावात विकण्याजोगा आणि नष्ट करायचा. तिन्हींची यादी वेगळी लिहा. तिसऱ्या ढिगातले नमुने बाजूला ठेवा आणि सर्व्हेअरशी बोलल्याशिवाय तो ढीग नगरपरिषदेच्या ट्रकमध्ये चढवू नका. सडणारा माल थांबवता येत नसेल, तर फोटो पाठवून परवानगी मेलवर किंवा मेसेजवर घ्या.

गैरसमज : आधी ब्लिचिंग पावडर टाका, मग धुवा.

वस्तुस्थिती : चिखलावर टाकलेल्या ब्लिचिंगमधला क्लोरीन चिखलातल्या घाणीशीच झुंजून संपतो, खालच्या फरशीपर्यंत पोचतच नाही. आधी गाळ काढा, मग साबणाच्या पाण्याने घासून धुवा, सगळ्यात शेवटी पाकिटावरच्या प्रमाणात ब्लिचिंगचं पाणी फिरवा आणि दहा-पंधरा मिनिटं तसंच राहू द्या. उघड्या पोत्यातली, दमट हवा लागलेली पावडर कमजोर झालेली असते. आणि एक गोष्ट चुकूनही करू नका : लादी साफ करायचं अ‍ॅसिड आणि ब्लिचिंग एकत्र. त्यातून क्लोरीन वायू निघतो. मागे खिडकी नसलेल्या गाळ्यात तो थेट छातीत जातो.

गैरसमज : पाकीट फुटलेलं नाही, म्हणजे आतला माल चांगला.

वस्तुस्थिती : बिस्किटं, मसाले, चहा, डाळी, पिठाच्या पिशव्या, पुराचं पाणी लागलं की सगळं तिसऱ्या ढिगात. प्लास्टिकच्या जोडातून पाणी शिरलेलं डोळ्यांना दिसत नाही. आट्याच्या झाकणाच्या बाटल्याही त्यातच, कारण झाकणाखालच्या आट्यांत अडकलेला गाळ धुऊन निघत नाही. वाचू शकतो तो फक्त न फुगलेला, न चेपलेला, न गंजलेला, कारखान्यात सीलबंद झालेला पत्र्याचा डबा. त्याचंही लेबल काढून तो धुवावा, निर्जंतुक करावा आणि आत काय आहे, मुदत कधीपर्यंत आहे, ते पुन्हा लिहावं. भिजलेली औषधं विकायची नाहीत. दोन ते आठ अंशांत राहायला हवं असलेलं इन्सुलिन वीज गेल्यावर किती वेळ गरम राहिलं हे सांगता येत नसेल, तर कोरडं असलं तरी ते विक्रीला ठेवू नये. ‘पुरातला माल स्वस्तात’ ही पाटी भांड्यांवर चालेल. खाण्याच्या वस्तूंवर ती लावणं हा २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्याखाली गुन्हा ठरू शकतो.

गैरसमज : भिजलेल्या साड्या आणि वह्या उन्हात टाकल्या की झालं.

वस्तुस्थिती : कापडाच्या दुकानात खरी घाई रंगाची असते. घडी घातलेल्या गठ्ठ्यात लाल काठाचा रंग शेजारच्या पांढऱ्या साडीत काही तासांतच उतरतो, आणि २४ ते ४८ तासांत बुरशी सुरू होते. गठ्ठे फोडा, गडद आणि फिके रंग वेगळे करा, स्वच्छ गार पाण्यातून काढून सावलीत पसरा. जरीचं रेशीम पिळू नका. प्लास्टिकच्या पाकिटातली साडी वरून कोरडी वाटली तरी प्रत्येक पाकीट उघडून बघा, कारण आत राहिलेल्या चमचाभर पाण्यानेही काठावर डाग पडतो.

वह्यांचं उलट आहे, त्यांना वेळ मिळवून देता येतो. उन्हात टाकलेली ओली खतावणी वाकते आणि पानं एकमेकांना चिकटतात. जपायचे हिशोब प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळून डीप फ्रीझरमध्ये ठेवा. पुराबाहेरच्या गल्लीतल्या आइस्क्रीमवाल्याचा असला तरी चालेल. गोठल्यावर बुरशी थांबते. पुढे सवडीने एकेक वही काढून, पानांत टीपकागद घालून वाळवता येते. ही मेहनत वाया जात नाही : जीएसटीचे हिशोब वार्षिक विवरणपत्राच्या देय तारखेपासून ७२ महिने जपणं बंधनकारक आहे.

गैरसमज : शटर उघडं ठेवून पंखे लावले की भिंती सुकतात.

वस्तुस्थिती : ऊन पडलं असेल तर हो. पण कोकणात जुलैच्या हवेतच नव्वद टक्क्यांच्या आसपास दमटपणा असतो आणि शटरमधून तीच हवा आत येते. वायरमनने वीज सुरक्षित असल्याचं सांगितल्यावर दारं बंद करून एसी ड्राय मोडवर किंवा डीह्युमिडिफायर चालवला तर भिंत लवकर सुकते. वीट आणि जांभा पाणी वर ओढतात, म्हणून ओल पुराच्या रेघेच्याही वर चढलेली असते. रंग लावायच्या आधी हातभर लांबी-रुंदीचं प्लास्टिक चारही कडांनी टेपने भिंतीला चिकटवा. दुसऱ्या दिवशी आतून थेंब दिसले तर रंगारी परत पाठवा. काउंटरची मागची फळी काढून आतला गाळ धुवा. पार्टिकल बोर्ड एकदा फुगला की परत बसत नाही, तो सोडून द्या.

गैरसमज : विमा आहे, म्हणजे पूर त्यात आलाच.

वस्तुस्थिती : पॉलिसीची प्रत उघडून बघा. कॅश क्रेडिट घेतलेल्या बऱ्याच दुकानदारांची पॉलिसी बँकेने काढलेली असते आणि त्यांनी ती कधी पाहिलेलीही नसते. जुन्या अग्निविमा पॉलिसीत हप्ता कमी करण्यासाठी वादळ-पुराचा भाग वगळता येत असे. १ एप्रिल २०२१ पासून ५ कोटी रुपयांपर्यंतच्या मालमत्तेसाठी ‘भारत सूक्ष्म उद्यम सुरक्षा’ ही प्रमाणित पॉलिसी आली, तिच्यात पूर धरलेला आहे. पण पॉलिसीत पत्ता दुकानाचा असेल आणि माल मागच्या गोडाऊनमध्ये भिजला असेल, तर अडचण येते. रक्कम अपुरी असली तर भरपाईही प्रमाणात कापली जाऊ शकते : २० लाखांच्या मालाचा विमा १० लाखांचा असेल, तर ४ लाखांच्या नुकसानीला साधारण २ लाखच.

गैरसमज : पंचनामा झाला, माल गेला, हिशोब संपला.

वस्तुस्थिती : तलाठ्याचा पंचनामा सरकारी मदतीसाठी असतो, सर्व्हेअरचा अहवाल विम्यासाठी. एक दुसऱ्याची जागा घेत नाही. शिवाय केंद्रीय जीएसटी कायद्याच्या कलम १७(५)(एच) नुसार नष्ट झालेल्या मालावर घेतलेलं इनपुट क्रेडिट परत करावं लागतं. १८ टक्क्यांच्या ५ लाखांच्या मालावर हे ९० हजार रुपये होतात. तेच कमी भावात, पण बिल करून विकलेल्या मालाला हे कलम लागत नाही. पहिल्या दिवशी केलेल्या तीन याद्या इथे कामाला येतात. त्या सीएला दाखवा, आणि परत करावा लागणारा कर दाव्यात मांडता येईल का, हे सर्व्हेअरला दाव्याचे कागद देण्याआधीच विचारून घ्या.